कल्पित माणसं, खरी उत्तरं: व्हिडिओ कलेतल्या रचलेल्या व्यक्तिरेखांविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

कल्पित व्यक्तिरेखा म्हणजे नेमकं काय? सिनेमातल्या भूमिकेपेक्षा ती वेगळी कशी?

कलाकार स्वतःच्याच अंगावर दुसरं माणूस उभं करतो. त्या माणसाला नाव असतं, कपडे असतात, बोलण्याची ढब असते, कधीकधी जन्मतारीख आणि पत्ताही असतो. लिहिणारा, वठवणारा आणि बऱ्याचदा कॅमेरा लावून चालू करणाराही एकच.

सिनेमात गोष्ट आधी असते आणि भूमिका तिच्या सोयीने येते. गोष्ट संपली की भूमिकाही संपते. प्रायोगिक व्हिडिओत गोष्ट असेलच असं नाही. तिथे पात्र एखाद्या परिस्थितीत सोडलं जातं: आरशासमोर, बँकेत, वर्गात, अनोळखी माणसाच्या भेटीला. मग समोरून काय येतं ते पाहायचं. हे समोरून येणारं उत्तरच मला या सगळ्या प्रकारातलं सर्वांत मोलाचं वाटतं. सोंग किती हुबेहूब वठलं याला दुय्यम महत्त्व आहे. त्या सोंगाला जगाने कसं वागवलं, कॅमेऱ्याने कसं पाहिलं आणि बघणाऱ्याने त्याच्यावर विश्वास का ठेवला, यातून ओळख नावाची गोष्ट कशी घडते ते दिसतं. खालची बहुतेक उत्तरं फिरून याच मुद्द्याजवळ येतात.

हे सगळं व्हिडिओतच एवढं का बहरलं?

याचं मोठं कारण यंत्रात आहे. 1967 मध्ये सोनीने पोर्टापॅक बाजारात आणला. एका माणसाला खांद्यावर घेऊन फिरता येईल असा तो कॅमेरा-रेकॉर्डर होता. त्याआधी चित्रफीत करायची तर एकतर टीव्ही स्टुडिओ लागे किंवा फिल्म. फिल्म धुऊन येईपर्यंत आपण काय चित्रित केलं ते कळत नसे. व्हिडिओमध्ये कॅमेरा मॉनिटरला जोडला की स्वतःची प्रतिमा त्याच क्षणी समोर दिसू लागली. कोणी मदतनीस नको, कोणी बघणारं नको. बंद खोलीत एकट्याने स्वतःकडे पाहत पाहत दुसरं कोणीतरी होऊन बघता येऊ लागलं.

मॉनिटर आणि आरसा यांतला एक बारीक फरक इथे फार महत्त्वाचा आहे. आरशात उजवा हात उचलला की प्रतिमेचा त्याच बाजूचा हात वर जातो. मॉनिटरवर तो पलीकडच्या बाजूला जातो, कारण कॅमेरा आपल्याला इतरांना दिसतो तसं दाखवतो. आयुष्यभर आरशात पाहिलेला चेहरा अचानक किंचित परका वाटतो. त्या परकेपणातच पात्र सुचायला लागतं.

समीक्षक रोझलिंड क्राउस यांनी 1976 मध्ये 'ऑक्टोबर' या नियतकालिकाच्या पहिल्या अंकात लिहिलेला निबंध आजही या चर्चेत येतो. कॅमेरा आणि मॉनिटर यांच्या मधोमध शरीर सापडलं की एक आत्ममग्न वर्तुळ तयार होतं, असा त्यांचा सूर होता. त्यांनी उदाहरण घेतलं होतं व्हिटो अकॉन्ची यांच्या 'सेंटर्स' (1971) या कामाचं. त्यात अकॉन्ची सुमारे वीस मिनिटं मॉनिटरवरच्या स्वतःच्या प्रतिमेच्या मध्यावर बोट रोखून बसतात. निबंध महत्त्वाचा आहे, पण मला तो अर्धाच पटतो. अकॉन्ची स्वतःकडे बोट दाखवत असले तरी पडद्यासमोर बसलेल्या माणसाला ते बोट आपल्यावरच रोखलेलं वाटतं. वर्तुळ बंद राहतच नाही. शिवाय ज्या कलाकार स्त्रियांनी व्यक्तिरेखा रचल्या, त्यांनी तर ते वर्तुळ मुद्दाम तोडलं.

याची सुरुवात कोणी केली?

व्हिडिओच्या कितीतरी आधी. मार्सेल द्यूशाँ यांनी 1920 च्या सुमारास रोझ सेलावी ही स्त्री-व्यक्तिरेखा घेतली आणि मॅन रे यांनी तिची छायाचित्रं काढली. क्लोद काउन यांनी त्याच काळात स्वतःची छायाचित्रं इतक्या वेगवेगळ्या रूपांत काढली, की त्यांतला 'मूळ' चेहरा कोणता हा प्रश्नच उरत नाही. पुढे, व्हिडिओ नुकताच येत असताना, ब्रूस नॉमन यांनी 1967-68 मध्ये 'आर्ट मेक-अप' या फिल्ममालेत चेहऱ्यावर आणि छातीवर एकामागून एक पांढरा, गुलाबी, हिरवा आणि काळा रंग चढवला. तिथे पात्र नाही, फक्त झाकणं आहे. पण वाट तिथूनच पुढे जाते.

एकच काम पाहायचं असेल तर कोणतं?

जोन जोनास यांचं 'व्हर्टिकल रोल' (1972).

जोनास यांनी त्या काळात ऑर्गॅनिक हनी नावाची एक व्यक्तिरेखा रचली होती. बाहुलीसारखा गुळगुळीत मुखवटा, डोक्यावर पिसांचा साज, चमकते कपडे. स्त्रीचं जे रूप पडद्यावर सतत दाखवलं जातं त्याचा अर्क काढावा तशी ती दिसते. 'ऑर्गॅनिक हनीज व्हिज्युअल टेलिपथी' या कामात ती आरशाशी, वस्तूंशी, स्वतःच्या प्रतिमेशी खेळते. 'व्हर्टिकल रोल'मध्ये जोनास त्याच्याही पुढे गेल्या. जुन्या टीव्हीचा सिग्नल जुळला नाही की चित्र खालून वर किंवा वरून खाली सरकत राहायचं आणि मधे काळा पट्टा यायचा. तो बिघाड त्यांनी दुरुस्त केला नाही, त्यालाच कामाचा ठेका केलं. प्रत्येक पट्ट्याबरोबर ठोक्याचा आवाज येतो. शरीराचे तुकडे दिसतात: पाय, मुखवटा, हात, धड. पण आख्खी बाई एका चौकटीत स्थिर मिळतच नाही. जवळजवळ वीस मिनिटं डोळा तिला पकडू पाहतो आणि प्रत्येक वेळी ती निसटते.

शेवटी जोनास यांचा खरा चेहरा त्या सरकत्या चित्राच्या पुढ्यात, कॅमेरा आणि मॉनिटर यांच्या मधे येतो. तोवर आपण पाहत होतो ते चित्राचं चित्र होतं हे तेव्हा ध्यानात येतं. पात्र, पात्राची प्रतिमा आणि पात्र रचणारी बाई हे तिन्ही थर एकाच चौकटीत दाखवणारं याहून नेमकं काम मी तरी पाहिलेलं नाही.

पात्राला खरोखरचं आयुष्य देता येतं का? कागदपत्रांसकट?

लिन हर्शमन लीसन यांनी दिलं. 1970 च्या दशकात सॅन फ्रान्सिस्कोमध्ये त्यांनी रॉबर्टा ब्राइटमोर ही व्यक्ती घडवली. हे काम मुख्यतः प्रत्यक्ष वावर, छायाचित्रं आणि कागदपत्रं यांचं होतं, व्हिडिओचं कमी. तरीही व्यक्तिरेखांवर काम करणाऱ्या प्रत्येकाने ते समजून घ्यावं असं मला वाटतं.

रॉबर्टाचा सोनेरी केसांचा टोप, ठरलेला पोशाख, ठरलेला मेकअप होता. चेहऱ्यावर कुठला रंग कुठे लावायचा याचा तक्ताच तयार केलेला होता. तिच्या नावावर वाहन चालवण्याचा परवाना होता, बँकेत खातं होतं. ती मानसोपचारतज्ज्ञाकडे जात असे. खोलीत सोबत राहायला कोणी हवं अशी जाहिरात तिने वर्तमानपत्रात दिली आणि प्रतिसाद देणाऱ्यांना ती भेटली. सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं सोंग आणता येत नाही असं आपण म्हणतो. रॉबर्टाच्या बाबतीत बँकेने तेही खरं मानलं. पुढे हर्शमन लीसन यांनी आणखी काही स्त्रियांना रॉबर्टा व्हायला लावलं, म्हणजे एका वेळी अनेक रॉबर्टा शहरात वावरू लागल्या.

यातून जे हाती लागलं ते अस्वस्थ करणारं आहे. रॉबर्टाला आलेले अनुभव बरेचसे एकटेपणाचे आणि धोक्याचे होते. एकटी बाई शहरात आली, जाहिरात दिली, तर तिच्या वाट्याला काय येतं, याची नोंदच त्या कागदपत्रांत जमा झाली. पात्र खोटं होतं, पण त्याला मिळालेली वागणूक खरी होती. 1978 मध्ये इटलीतल्या फेरारा शहरात, तिथली सोळाव्या शतकातली डचेस लुक्रेशिया बोर्जिया हिच्या समाधीपाशी एक विधी करून रॉबर्टाला संपवण्यात आलं.

मुखवटा चेहरा लपवतो, मग त्यातून ओळख कशी उलगडते?

जिलियन वेअरिंग यांनी 1994 मध्ये एक जाहिरात दिली: कॅमेऱ्यासमोर सगळं कबूल करा, वेषांतर करू, काळजी नको. जे लोक आले त्यांनी टोप आणि मुखवटे चढवले आणि आयुष्यात कोणाला न सांगितलेल्या गोष्टी बोलून टाकल्या. ओळख झाकली गेली तेव्हाच माणूस उघडा झाला.

पण माझ्या मते वेअरिंग यांचं त्याहून धारदार काम आवाजाचं आहे. '10–16' (1997) मध्ये दहा ते सोळा वर्षांच्या मुलामुलींचं रेकॉर्ड केलेलं बोलणं आहे, आणि पडद्यावर मोठी माणसं त्या बोलण्यावर ओठ हलवतात. मोठ्या, थकलेल्या शरीरातून मुलाचा आवाज येतो. त्याच वर्षीच्या '2 इंटू 1' मध्ये आई आणि तिचे जुळे मुलगे एकमेकांविषयी बोलतात. मुलग्यांचे शब्द आईच्या तोंडी येतात आणि आईचे मुलग्यांच्या. आईला आपल्याविषयीचं निर्दय मत स्वतःच्या ओठांनी उच्चारावं लागतं. इथे कोणतंही नवं पात्र रचलेलं नाही. नुसता आवाज शरीरापासून सोडवला आहे, आणि तेवढ्याने घरातलं सगळं नातं उघड्यावर येतं. वेअरिंग यांना त्या वर्षीचं टर्नर पारितोषिक, म्हणजे ब्रिटनमधलं कलेचं मानाचं पारितोषिक, मिळालं.

म्हणजे चेहऱ्यापेक्षा आवाज महत्त्वाचा?

नव्याने काम करणारे बहुतेकजण टोप आणि मेकअपवर अडकतात, म्हणून मी आवाजावर भर देतो. केलप लिन्झी यांची कामं पाहा. टीव्हीवरच्या दैनंदिन मालिकांच्या धर्तीवर ते स्वतःच अनेक पात्रं रंगवतात आणि त्या पात्रांना स्वतःच्याच आवाजाने डबिंग करतात. आवाज आणि ओठ नेहमी जुळत नाहीत, आणि ती फट हसवता हसवता काळजाला हात घालते.

दुसऱ्या वंशाचं, समाजाचं किंवा लिंगाचं पात्र घेणं योग्य आहे का?

हा प्रश्न सर्वांत जास्त विचारला जातो आणि त्याला 'हो' किंवा 'नाही' असं एका शब्दाचं उत्तर देणं मला बेजबाबदारपणाचं वाटतं. तीन कामं शेजारी ठेवून पाहू.

एलिनॉर अँटिन यांनी 1972 च्या 'द किंग' या मूक व्हिडिओत चेहऱ्यावर केस चिकटवत चिकटवत दाढीवाला राजा घडवला. 'सोलाना बीचचा राजा' म्हणून त्या कॅलिफोर्नियातल्या त्या गावात फिरल्या, लोकांशी बोलल्या. बाईने राजाची सत्ता अंगावर घेऊन बघण्यात एक मोकळीक आहे, कारण ती जे घेत होती ते तिला कधी मिळालेलं नव्हतं. पण त्याच अँटिन यांनी पुढे एलिनोरा अँटिनोव्हा ही कृष्णवर्णीय बॅले नर्तकी रचली आणि त्यासाठी त्वचा गडद केली. गोऱ्या नटांनी काळा रंग फासून कृष्णवर्णीयांची टिंगल करण्याचा अमेरिकेत मोठा, अपमानकारक इतिहास आहे. हेतू वेगळा होता हे मान्य करूनही तो इतिहास त्या रंगाबरोबर येतोच. त्यावर टीका झाली ती मला रास्त वाटते.

एड्रियन पायपर यांनी 1973 ते 1975 या काळात 'मिथिक बीइंग' हा पुरुष वठवला: मोठा आफ्रो टोप, मिशी, काळा चष्मा. स्वतःच्या जुन्या डायरीतली वाक्यं पाठ करून, पुटपुटत त्या रस्त्यावर फिरल्या. 'व्हिलेज व्हॉइस' या वर्तमानपत्रात त्या पुरुषाची चित्रं जाहिरात म्हणून छापली. आतली वाक्यं एका तरुण मुलीच्या खासगी डायरीतली, बाहेर लोकांना दिसतो तो 'धोकादायक' वाटणारा कृष्णवर्णीय पुरुष. बघणाऱ्याच्या डोळ्यांतली भीती हेच त्या कामाचं साहित्य झालं.

कृष्णवर्णीय कलाकार हॉवर्डीना पिंडेल यांचं 'फ्री, व्हाइट अँड 21' (1980) फक्त बारा मिनिटांचं आहे. 1979 मध्ये झालेल्या मोटार अपघातात त्यांची काही स्मृती गेली होती. त्यानंतर केलेल्या या व्हिडिओत त्या कॅमेऱ्याकडे पाहून लहानपणापासून सोसलेले वंशभेदाचे प्रसंग एकामागून एक सांगतात. मधे मधे एक गोरी बाई येते: सोनेरी टोप, काळा चष्मा, पांढरा रंग. ती प्रत्येक प्रसंग उडवून लावते आणि पिंडेल यांना कृतघ्न ठरवते. दोन्ही बायका पिंडेलच आहेत. ज्या माणसाने आपल्याला आयुष्यभर खोटं ठरवलं त्याचंच रूप त्यांनी घेतलं आहे, आणि त्या रूपाची क्रूरता इतकी ओळखीची आहे की अभिनय कुठे संपतो ते कळत नाही.

तर सोंग घेण्याआधी सत्ता कोणत्या दिशेने वाहते ते पाहावं. ज्याच्याकडे बळ आहे त्याचं रूप दुबळ्याने घेतलं तर ते बळ उघडं पडतं. उलट झालं की बहुतेकदा जुनीच जखम पुन्हा होते. पात्र ज्यांच्यावरून रचलं आहे ती माणसं समोर बसून ते काम पाहतील अशी कल्पना करावी. त्या वेळी त्यांच्या नजरेला नजर देता येईल का?

प्रेक्षकाला पात्र खोटं आहे हे सांगावं का?

वालिद राद यांच्या 'ॲटलस ग्रुप' या प्रकल्पातलं 'होस्टेज: द बशार टेप्स' (2001) या प्रश्नावर फार काही शिकवतं. त्यात सुहेल बशार नावाचा लेबनीज माणूस सांगतो, की 1980 च्या दशकात लेबनॉनमध्ये ओलीस ठेवलेल्या अमेरिकनांबरोबर त्याच कोठडीत मीही होतो. अमेरिकन ओलीस खरे होते. बशार काल्पनिक आहे. एकूण 53 टेप्स केल्या, त्यांतल्या दोनच दाखवता येतील, असं तो म्हणतो. आपलं अरबी बोलणं इंग्रजीत एका स्त्रीच्या आवाजात ऐकवावं, अशी अटही तो घालतो.

भूमिका करणारा लेबनॉनमधला ओळखीचा नट आहे. म्हणजे एका प्रेक्षकाला ती कल्पना आहे हे चटकन कळतं आणि दुसरा प्रेक्षक तिला साक्ष समजून ऐकतो. अमेरिकन ओलिसांच्या कहाण्या जगभर गाजल्या. त्या कहाण्यांत स्थानिक माणूस कुठे होता, हा प्रश्न खोट्या साक्षीदाराशिवाय इतक्या टोकदारपणे विचारता आला नसता.

अमालिया उलमन यांनी 2014 मध्ये इन्स्टाग्रामवर काही महिने एक आयुष्य रचलं, शस्त्रक्रियेने शरीर बदलल्याच्या देखाव्यासकट, आणि नंतर ते कलाकृती असल्याचं जाहीर केलं. तोवर लोकांनी कौतुकही केलं होतं आणि तिरस्कारही. त्या प्रतिक्रिया कामाचाच भाग झाल्या.

माझं मत असं: सत्य कधी सांगायचं हे कलाकार ठरवू शकतो, सांगायचंच नाही हे मात्र चालू नये. फसवणुकीत कोणाचा पैसा, खासगी आयुष्य किंवा सुरक्षितता अडकत असेल तर तिथे कला ही सबब लंगडी पडते.

कलाकार 'मी'च म्हणत असेल, खरं आत्मकथन करत असेल, तर त्यातही पात्र असतं?

असतं, आणि ते ओळखणं अधिक कठीण असतं. सेडी बेनिंग यांनी पंधरा-सोळाव्या वर्षी आपल्या खोलीत व्हिडिओ डायऱ्या करायला सुरुवात केली. त्यांच्याकडे फिशर-प्राइसचा पीएक्सएल-2000 हा खेळण्यातला कॅमेरा होता. तो साध्या ऑडिओ कॅसेटवर चित्र टिपायचा. चित्र कृष्णधवल आणि ढोबळ ठिपक्यांचं. कॅमेरा इतका जवळ की कधी फक्त डोळा दिसतो, कधी ओठ, कधी हाताने लिहिलेली चिठ्ठी. समलैंगिक मुलगी म्हणून मोठं होण्याविषयी त्या बोलतात. मधेच मिशी लावतात, सिनेमातल्या बेडर पुरुषासारख्या वागून पाहतात. कबुली आणि सोंग यांत तिथे भिंत नाही. खोलीत एकटं असलेलं मूल स्वतःला शोधताना दोन्ही करतंच.

हर्शमन लीसन यांनीही 1984 पासून कॅमेऱ्यासमोर बसून 'इलेक्ट्रॉनिक डायरीज' केल्या. रॉबर्टा घडवणारी बाई स्वतः बोलायला बसली, तेव्हा पाहणाऱ्याच्या मनात साहजिकच येतं: ही तरी कोण?

पात्र विनोदी असू शकतं का?

नक्कीच. ॲलेक्स बॅग यांचं 'अनटायटल्ड फॉल '95' पाहा. कलाशाळेतली एक मुलगी सत्रामागून सत्र कॅमेऱ्याला आपल्या शिक्षणाविषयी सांगत जाते आणि तिची भाषा हळूहळू बदलत जाते. शाना मोल्टन यांची सिंथिया 'व्हिस्परिंग पाइन्स' या मालेत 2002 पासून वावरते आहे. आजारांची काळजी करणारी, प्रत्येक उपचार आणि प्रत्येक चकचकीत वस्तूत सुटका शोधणारी ही बाई हास्यास्पद आहे, तरी तिच्यावर मोल्टन यांची माया आहे. ती माया नसती तर सिंथिया इतकी वर्षं टिकली नसती.

शरीरच नसेल, नुसता डिजिटल अवतार असेल तर?

1999 मध्ये पिएर उईग आणि फिलिप पारेनो यांनी एका जपानी कंपनीकडून मांगा (जपानी चित्रकथा) शैलीतलं एक पात्र 46,000 येनला विकत घेतलं. कंपन्यांना पात्रं पुरवणाऱ्या यादीतलं ते एक स्वस्त पात्र होतं. स्वभाव नाही, गोष्ट नाही, त्यामुळे कुठल्याही मालिकेत ते फार काळ टिकलं नसतं. त्यांनी तिचं नाव ॲनली ठेवलं आणि इतर कलाकारांना वापरायला दिलं. प्रत्येकाने तिच्या तोंडी वेगळं बोलणं घातलं. एका व्हिडिओत ती स्वतःच सांगते की मला विकत घेतलं गेलं आहे. 2002 मध्ये तिचे हक्क तिच्याच नावे करून तिचा वापर थांबवण्यात आला. व्यक्तिरेखेची मालकी कोणाची, हा प्रश्न याहून स्पष्ट क्वचितच मांडला गेला असेल.

त्साओ फेइ यांनी 'सेकंड लाइफ' या आभासी जगात चायना ट्रेसी नावाने वावरत 'आय.मिरर' (2007) केलं. तिथे त्यांची एका देखण्या तरुण अवताराशी जवळीक होते आणि त्यामागे साठी उलटलेला माणूस असल्याचं कळतं. विशेष म्हणजे व्हिडिओ त्या क्षणी थट्टेकडे वळत नाही, जवळीक तशीच राहते. एड ॲटकिन्स बाजारात तयार मिळणारे त्रिमित डिजिटल पुतळे घेतात आणि त्यांना स्वतःचा आवाज, स्वतःच्या चेहऱ्याच्या हालचाली देतात. शरीर नसलेली ती माणसं रडतात, गातात, दारू पितात.

कृत्रिम बुद्धिमत्तेने तयार केलेला चेहरा वापरला तर?

तंत्र म्हणून हरकत नाही. पण चेहरा एखाद्या खऱ्या माणसाचा असेल तर त्याची परवानगी घ्यावी. शिवाय चेहरा आयता मिळाला म्हणून पात्र आयतं मिळत नाही. ॲनलीसारखं रिकामं कवच हाती येतं, त्यात काय भरायचं ते आपल्यालाच शोधावं लागतं.

मला स्वतः करून पाहायचं आहे. कुठून सुरुवात करू?

पात्राच्या दिसण्यापासून करू नका. त्याला काय हवं आहे आणि ते कोणाकडे मागणार आहे, इथून करा. नोकरी, माफी, मैत्री, ओळखपत्र, काहीही. मागणी ठरली की पात्र आपोआप कोणासमोर तरी उभं राहतं, आणि वर म्हटलं ते उत्तर यायला जागा होते.

मग कॅमेरा तिपाईवर लावा आणि एक लांब शॉट घ्या, किमान वीस मिनिटांचा, मधे न थांबवता. सुरुवातीची काही मिनिटं तुम्ही 'करून दाखवत' असाल. नंतर कंटाळा येईल, सुचेनासं होईल. कंटाळ्याच्या पलीकडे जे येतं ते बहुधा पात्राचं असतं. मोबाईलवर करत असाल तर पुढच्या कॅमेऱ्याचा आरशासारखा उलटा दिसणारा पर्याय बंद करून पाहा, चित्रित झालेलं पाहताना चेहऱ्याचा तो परकेपणा जाणवेल. एकदा स्वतःची प्रतिमा समोर ठेवून करा, एकदा पडदा झाकून. दोन्हींतला फरक तुम्हाला पात्राविषयी पुष्कळ सांगेल.

कपड्यांतली एकच गोष्ट ठरवा, पण ती रोजची वाटायला हवी. चपला बदलल्या की चाल बदलते, चाल बदलली की आवाज. पात्राची सही ठरवा, त्याच्या अक्षरात एखादी यादी लिहा. हे कागद व्हिडिओत दिसले नाहीत तरी चालतात, ते तुमच्या हाताला सवय लावतात.

संपादन करताना सगळ्या फटी बुजवू नका. टोप सरकला, उच्चार घसरला, तुम्ही क्षणभर कॅमेऱ्यामागे पाहिलं, अशा जागा आधी बाजूला काढा आणि मग ठरवा. मला तरी बहुतेक वेळा त्याच जागा ठेवाव्याशा वाटतात.

अभिनय येत नाही. चालेल?

चालेल. पडद्यावर सराईत अभिनय दिसला की प्रेक्षक नटाचं कसब मोजू लागतो. अवघडलेपण दिसलं तर तो माणसाकडे पाहतो.

ग्रीन स्क्रीन, महागडं सॉफ्टवेअर लागतं का?

नाही. पीटर कॅम्पस यांचं 'थ्री ट्रान्झिशन्स' (1973) जेमतेम पाच मिनिटांचं आहे. दोन कॅमेऱ्यांची चित्रं एकावर एक चढवणं आणि क्रोमा-की (चित्रातल्या एका रंगाच्या जागी दुसरं चित्र भरणं) एवढ्याच तंत्रांवर ते उभं आहे. माणूस स्वतःच्याच पाठीतून फाडून बाहेर येतो, चेहरा पुसतो तर खाली त्याचाच दुसरा चेहरा, आणि हातात धरलेला स्वतःचा जिवंत चेहरा कागदासारखा जाळतो. आज हे कोणत्याही साध्या ॲपमध्ये जमतं. कल्पना मात्र तेवढी स्वच्छ हवी.

पात्रात फार गुंतायला झालं तर?

याची काळजी आधीच घ्यावी. सुरू करण्याची आणि थांबण्याची ठरलेली कृती असू द्या: तोंड धुणं, कपडे बदलणं, स्वतःचं नाव मोठ्याने घेणं. एका तरी माणसाला सगळं ठाऊक असू द्या. अनोळखी लोकांत वावरत असाल तर तो माणूस जवळपास असावा. स्वतःच्या दुखऱ्या अनुभवावर काम करताना थकवा साठत जातो. तेव्हा काम काही दिवस बाजूला ठेवण्यात कमीपणा नाही.

समाजमाध्यमांवर सगळेच रोज स्वतःचं पात्र करतात. मग या कलेत वेगळं काय उरलं?

समाजमाध्यमांवरचं पात्र पसंती मिळवण्यासाठी असतं, म्हणून ते आपले टाके लपवतं. प्रायोगिक व्हिडिओतलं पात्र टाके दाखवतं, आणि पसंती का मिळाली किंवा का नाकारली गेली हेच विचारतं. उलट आज सगळ्यांनाच कॅमेऱ्यासमोर वावरण्याची सवय झाल्यामुळे जोनास किंवा पिंडेल यांची कामं मला पूर्वीपेक्षा जास्त जवळची वाटतात.

ही कामं कुठे पाहता येतील?

न्यूयॉर्कमधलं इलेक्ट्रॉनिक आर्ट्स इंटरमिक्स (स्थापना 1971), शिकागोतला व्हिडिओ डेटा बँक (1976) आणि लंडनमधली लक्स या संस्था अशा कामांचं जतन आणि वितरण करतात. त्यांच्या संकेतस्थळांवर माहिती, स्थिरचित्रं आणि काही ठिकाणी छोटे भाग मिळतात. 'उबूवेब' या 1996 पासूनच्या मुक्त संग्रहातही प्रायोगिक व्हिडिओंचा मोठा साठा आहे. संग्रहालयांच्या वाहिन्यांवर कलाकारांच्या मुलाखतीही ऐकायला मिळतात.

पाहताना दोन गोष्टी सांभाळा. हेडफोन लावा, कारण यांतल्या निम्म्या कामांचा जीव आवाजात आहे. आणि पुढे सरकवू नका. 'द किंग'मध्ये जवळजवळ तासभर फक्त दाढी चिकटवली जाते, आणि ती घाईने पाहिली तर राजा कधी आला ते समजतच नाही.